'कट' म्हटल्यानंतरची आजी

नावड्याच्या आमच्या कॉलनीत वडील सगळ्यांना सांगतात, मुलगी सिरियलमध्ये आहे. समोरचा लगेच विचारतो, कुठल्या रोलमध्ये? मग त्यांना सांगावं लागतं की ती दिसत नाही, ती जोडते. एकदा शेजारच्या काकांना ते समजावत होते, "हजार तुकडे येतात तिच्याकडं. कुठला ठेवायचा, कुठला टाकायचा, ते ती ठरवती. तिच्याबिगर एपिसोड भाईर जात न्हाई." तळोज्याच्या कारखान्यात पॅकिंग खात्यात सगळी उमर काढलेल्या माणसाने केलेली ही एडिटिंगची व्याख्या. मी यापेक्षा चांगली अजून ऐकलेली नाही.

मी आमच्या घरातली पहिली ग्रॅज्युएट. वडील मराठवाड्यातून इथे आले ते सातवी शिकून, आई तेवढीही नाही. बी.ए.चा निकाल लागला तेव्हा आईने विहारात पेढे वाटले आणि जो भेटेल त्याला सांगितलं की आता पोरगी बँकेत लागणार. बँकेच्या परीक्षा मी दिल्या. दोनदा दिल्या, दोनदा थोडक्यात राहिल्या. मी हे लपवत नाही, कारण राहिल्या नसत्या तर मी आज कुठल्या तरी काउंटरमागे बसले असते आणि ही हकिगत घडलीच नसती.

तिसऱ्या परीक्षेचा अभ्यास चालू असताना जुईनगरच्या एका लग्नाच्या स्टुडिओत काम मिळालं. स्टेशनजवळ दुकानाच्या माळ्यावर दोन कॉम्प्युटर होते. इकडच्या गावांमधल्या हळदी, साखरपुडे, लग्नं सगळी तिथे यायची. मी कोर्स केलेला नव्हता. मालकाने चार दिवस शिकवलं आणि पाचव्या दिवशी एक अख्खी हळद माझ्यापुढे टाकली. मला हात लवकर बसला. वर्षभरात मालक गिऱ्हाइकांना सांगायला लागला की आमच्याकडे ग्रॅज्युएट मुलगी एडिटिंग करते. एडिटिंगचा आणि माझ्या बी.ए.चा संबंध काय, ते त्यालाच माहीत. पण मला ऐकायला बरं वाटायचं.

तिथेच माझ्या हातून ती चूक झाली.

आगरी हळदीत धवलारीण बसते. एकेका विधीला ती धवला गाते, म्हणजे त्या विधीचं गाणं. तिच्याशिवाय हळद लागत नाही. एका हळदीत अशीच एक म्हातारी अर्धा तास गात होती. आवाज चिरका, मधेच खोकला, कॅमेरा हलतोय. मी मराठवाड्यातली, मला धवल्यातलं काही कळेना. मी तो आवाज काढून टाकला, वर त्या वर्षी गाजत असलेलं एक गाणं चढवलं, आणि म्हातारीचे दोनच सेकंद ठेवले. छान व्हिडिओ झाला. पार्टी खूश. मूळ शूटिंग पुसून ती हार्ड डिस्क पुढच्या लग्नाला पाठवली. आमची पद्धतच होती ती.

सहा महिन्यांनी त्या हळदीतल्या नवऱ्या मुलाचे वडील माळा चढून वर आले. ती म्हातारी त्यांची मावशी. पंधरा दिवसांपूर्वी गेली होती, आणि तिचा आवाज घरात कुठेच नव्हता. त्यांनी आवाज चढवला नाही. खुर्चीत बसून पाणी प्यायले आणि म्हणाले, "गानी तं मोबाईलवर पन हायत, पोरी. आमचे म्हातारीचा धवला कुठं हाय?"

मालकाने काहीतरी कारण सांगितलं. ते गृहस्थ गेले, आणि तेव्हापासून मी काही म्हणजे काही पुसत नाही. लोक हसतात. पुढे मी सिरियलमध्ये असिस्टंट म्हणून लागले तिथेही हसायचे. माझ्या पगारातला काही भाग दर दोन महिन्यांनी नव्या हार्ड डिस्कमध्ये जायचा. आई म्हणायची, दुसऱ्यांच्या पोरी सोनं घेतात, आमची डबे घेते.

सिरियलचं एडिटिंग बेलापूरला चालायचं, वकिलांच्या आणि सीएंच्या ऑफिसांनी भरलेल्या एका इमारतीत. सेट मात्र तळोज्याला, एका बंद पडलेल्या गोदामात. म्हणजे माझ्या घराजवळ शूटिंग आणि मी पेंधरहून मेट्रो पकडून त्याच्यापासून लांब जाणार. चार वर्षं असिस्टंट होते, मग मेन एडिटर झाले. घराण्याची, वाड्याबिड्याची सिरियल नव्हती. साधं चाळीतून फ्लॅटमध्ये आलेलं कुटुंब, आणि त्यात एक आजी. आजीचं काम करणाऱ्या बाईंचं वय त्र्याहत्तर. सगळं युनिट त्यांना ताई म्हणायचं, मीही ताईच म्हणायचे. नाटकात आयुष्य गेलेलं, सिरियलमध्ये उशिरा आल्या. लग्न केलं नाही, बेलापूरला एकट्या राहायच्या, घरी कामाला एक बाई. शॉट द्यायच्या तो एका दमात. दुसरा टेक मागितला की दिग्दर्शकाला विचारायच्या, "पहिल्यात काय कमी होतं? नाही, शिकायला विचारते." तो बिचारा पुढच्या शॉटला लागायचा.

आता माझ्या साठवणीबद्दल सांगते, नाहीतर पुढचं कळणार नाही. कॅमेरा 'ॲक्शन' म्हणायच्या थोडा आधी सुरू होतो आणि 'कट' म्हटल्यानंतर थोड्या वेळाने बंद होतो. पुढचे मागचे हे तुकडे कुणाच्या कामाचे नसतात. नट खुर्चीत बसलेला असतो, पदर सारखा करतो, समोर चहा येतोय का बघतो. मी ते तुकडे माणसाप्रमाणे वेगळे करून ठेवायचे. 'आजी' नावाच्या माझ्या फोल्डरमध्ये असे सहाशेच्या वर तुकडे होते. आजी ऐकते. आजी दाराकडे बघते. आजी कंटाळते. आजी चष्मा पुसते. प्रत्येकाला मी मराठीत नाव दिलं होतं, कारण इंग्रजीत 'कंटाळते' आणि 'वैतागते' यात मला फरक करता येत नाही.

एका सोमवारी सकाळी ताई बाथरूममध्ये घसरल्या. खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशन झालं, डॉक्टरांनी सांगितलं दोन महिने सेटचं नाव नाही.

त्या आठवड्यात कथा आजीवरच येऊन ठेपली होती. फ्लॅट विकायचा की नाही, हे आजी ठरवणार होती. सिरियलमध्ये माणूस अडचणीचा झाला की तो काशीला जातो नाहीतर अमेरिकेला मुलाकडे. इथे तेही करता येईना, कारण फ्लॅटच्या कागदावर सही आजीची. चॅनलची क्रिएटिव्ह म्हणून एक मुलगी होती, माझ्यापेक्षा लहान, हुशार, पायात पांढरे बूट. मीटिंगमध्ये ती म्हणाली, दुसऱ्या आजी बघू या, नाव आहे डोक्यात, गुरुवारी लुक टेस्ट करू.

याचा अर्थ काय ते खोलीतल्या प्रत्येकाला माहीत होतं. त्र्याहत्तराव्या वर्षी, वॉकर घेऊन चालणाऱ्या बाईला परत कोण बोलावणार? रोल गेला म्हणजे ताईंचं काम संपलं, कायमचं.

एडिटर अशा मीटिंगमध्ये बोलत नाही. आम्हाला बोलावतात ते किती मिनिटं कमी पडतायत ते सांगायला. मी म्हटलं, "माझ्याकडे आजी आहे."

दिग्दर्शक सर म्हणाले, कुठे आहे? मी म्हटलं, डब्यात.

दोन दिवस मागून घेतले आणि कामाला लागले. पहिली अडचण साड्यांची. एका प्रसंगात आजी राखाडी साडीत सुरू होऊन जांभळ्या साडीत संपली तर घरबसल्या बायका लगेच पकडतात. म्हणून साडीप्रमाणे तुकडे लावले. मग उजेडाप्रमाणे, मग आजी कुठल्या बाजूला बघते त्याप्रमाणे. लेखक माझ्या शेजारी येऊन बसला. नेहमी तो लिहितो आणि मी जोडते. त्या दिवसांत मी त्याला सांगायचे की आजीची डावीकडे बघून भुवई उचलल्याची सव्वा सेकंदाची नजर आहे, त्याच्यावर काही होतंय का बघ. तो बिचारा लिहायचा. म्हणायचा, मी आयुष्यात पहिल्यांदा भुवईसाठी संवाद लिहितोय.

आवाज मात्र डब्यातून येणार नव्हता. म्हणून ताई घरी आल्यावर रेकॉर्डर घेऊन मी त्यांच्याकडे गेले. त्यांना वाटलं होतं, मी फळं घेऊन भेटायला आले. रेकॉर्डर बघून त्यांनी उशी मागे घेतली आणि म्हणाल्या, "आधी दाखव माझं काय काय चोरलंयस ते."

मी लॅपटॉप पोटाशी धरून पलंगाच्या कडेला बसले. त्या आडव्या पडून स्वतःला बघत होत्या. हा तुकडा कुठला, हा कधीचा, सगळं त्यांना आठवत होतं. सुनेकडे मायेने बघणारी आजी दाखवली तर म्हणाल्या, "तिच्याकडे नाही गं, मागे समोसे आले होते." विचारात पडलेली आजी दाखवली तर त्या वेळी त्यांची दाढ दुखत होती. कामवाल्या बाईसुद्धा दारात उभ्या राहून हसत होत्या. पण कुठला तुकडा कुठल्या वाक्यावर बसतो, हे त्यांना माझ्या आधी कळायचं. वाक्य त्या झोपूनच बोलायच्या, बरोबर तेवढ्याच सेकंदांत. पांघरुणात तोंड घालून, म्हणजे रस्त्यावरचा आवाज येऊ नये. असे तीन एपिसोड आम्ही दोघींनी केले आणि ते टीव्हीवर गेले. कुणाला काही कळलं नाही. मी खोटी नम्रता करणार नाही, ते तीन एपिसोड मी आजही मुद्दाम लावून बघते.

चौथा एपिसोड सहीचा होता. चॅनलने स्वच्छ सांगितलं होतं की हा बघून ठरवू, थांबायचं की नवी आजी आणायची. प्रसंग असा की सून येऊन सगळं खरं सांगते, आजी काही बोलत नाही, आणि शेवटी कागदावर सही करते. सगळा भार आजीच्या गप्प राहण्यावर.

आणि माझ्याकडे त्यासाठी एक तुकडा होता. राखाडी साडी, खिडकीचा उजेड, 'कट' म्हटल्यावरची चाळीस सेकंदं. कॅमेरामनचा हात दुसऱ्या कुठल्या तरी बटणावर होता म्हणून कॅमेरा चालू राहिलेला. ताई नुसत्या बसल्या आहेत. हळूहळू त्यांचा चेहरा आतून खचतो. डोळ्यांतून पाणी येतं, आणि त्या ते पुसत नाहीत. मी त्याला नाव दिलं होतं 'आजी, एकटी'. कच्चा एपिसोड जोडून सरांना दाखवला. त्यांनी खुर्ची मागे सरकवली. मग म्हणाले, झालं. ताई वाचल्या.

संध्याकाळी मी तो ताईंना दाखवायला नेला. मला शाबासकी हवी होती, खोटं कशाला सांगू. तो तुकडा आला आणि त्यांनी हात वर केला. मी लॅपटॉप थांबवला.

"हे काढ."

मी विचारलं, काय झालं. त्या म्हणाल्या, "त्या दिवशी माझा भाऊ गेला. फोन आला तेव्हा मी निऱ्या घालत होते. कुणाला सांगितलं नाही, सीन केला. 'कट' म्हणाले, मग रडले. हे काम नाहीये बाळा."

मी म्हटलं, ताई, चॅनल हाच एपिसोड बघून ठरवणार आहे. त्यांना माहीत नसेल असं मला वाटलं.

"मला माहीत आहे. पगाराचं रडणं मी पन्नास वर्षं रडले, ते सगळं वापर. हे माझं आहे." आणि थोड्या वेळाने, "रोल जाईल तर जाऊ दे."

ते 'जाऊ दे' म्हणताना त्यांनी माझ्याकडे बघितलं नाही. खाटेला टेकवलेल्या वॉकरकडे बघत होत्या. मला कळलं की रोल त्यांना हवाच आहे. पुष्कळ हवा आहे.

मी पुसते म्हटलं, तर म्हणाल्या, "वापरू नको म्हटलं, पूस नाही म्हटलं. तुझ्याकडे राहू दे."

दुसऱ्या दिवशी सरांना सांगितलं तर ते भडकले. म्हणाले, तो शॉट म्हणजेच एपिसोड आहे, वेडी आहेस का, हे त्यांच्याच भल्यासाठी चाललंय. मी म्हटलं, ताई नाही म्हणाल्या. ते म्हणाले, त्यांना दाखवायला कुणी सांगितलं होतं? हा प्रश्न बरोबर होता. दाखवलाच नसता तर त्या टीव्हीवरच बघणार होत्या, एपिसोड गेल्यावर. मी म्हटलं, सर, फोल्डर माझा असला तरी चेहरा त्यांचा आहे. ते म्हणाले, ठीक आहे, मग उद्या चॅनलसमोर तूच बस.

मला आठवतं, मी ऑफिसच्या जिन्यात जाऊन दोन चहा प्यायले. मग खुर्चीत बसले आणि तो प्रसंग पहिल्यापासून उघडला.

आजीचा चेहरा दाखवायचाच नाही असं ठरवलं. सून बोलते, तर सुनेवरच राहिले. त्या मुलीने काम चांगलं केलं होतं. आपण नेहमी तिला मधेच कापून आजीकडे जायचो म्हणून ते कुणाला दिसलंच नव्हतं. ती बोलता बोलता समोर बघते, थांबते, परत सुरू करते. समोर आजी आहे हे तिच्या डोळ्यांत दिसतं. मधे फक्त आजीचा पाठमोरा अंबाडा, दोन वेळा. सही करणारा हात दुसऱ्या एका जुन्या प्रसंगातला होता, तिथे आजी दुधाचा हिशेब लिहीत होती. आणि शेवटी एकच चेहरा. आजी चष्मा काढते, पदराने पुसते, परत घालते. बस.

ताईंना दाखवला. त्या म्हणाल्या, "हा चष्मा चहाच्या वाफेने धुरकटला होता." मी घाबरत विचारलं, चालेल? "चालेल की. लाइट लावेपर्यंत थांबले होते. थांबणं ही नोकरीच असते."

चॅनलच्या ऑफिसात मी, सर आणि ती क्रिएटिव्ह मुलगी. एपिसोड संपला. ती पडद्याकडे बघत राहिली आणि मला म्हणाली, ताई सेटवर कधी आल्या? मला कुणी बोललं नाही ते.

मी म्हटलं, "आल्या नाहीत. पलंगावर आहेत."

तिने परत लावायला सांगितलं. सगळा नाही, शेवटची चार मिनिटं. या वेळी ती पुढे वाकून बघत होती, जोड शोधत होती. तिला सापडला नाही. मग तिने फोन उचलून कुणाला तरी सांगितलं की पुढे ढकललेली लुक टेस्ट आता नको, आपण थांबतोय. सरांनी नुसतं माझ्याकडे बघितलं. खाली आल्यावर मात्र त्यांनी स्वतः माझ्यासाठी रिक्षा थांबवली. त्यांच्यासारख्या माणसाकडून हे पुष्कळ झालं.

एकूण अकरा एपिसोड मी तशा आजीवर काढले. पूर्ण बी.ए.त मला कुणी फर्स्ट क्लास दिला नव्हता. या अकरा एपिसोडना मी स्वतःला देते.

ताई परत आल्या त्या दिवशी मी सुट्टी टाकून तळोज्याला सेटवर गेले. घराजवळ असून इतक्या वर्षांत तिसऱ्यांदा. त्यांना खुर्चीतच बसवून शॉट लावला होता, वॉकर कॅमेऱ्याच्या मागे. एका दमात दिला. सर 'कट' म्हणाले. सगळे टाळ्या वाजवायला लागले तर त्यांनी हाताने गप्प केलं आणि कॅमेरामनला म्हणाल्या, "बंद करू नकोस रे, थांब."

मग माझ्याकडे बघून, "ये पुढे. तुझ्यामुळे आता नाक खाजवायची पण चोरी." आणि कॅमेऱ्याकडे न बघता, थोडं डावीकडे, सून उभी असते तिथे त्या बघायला लागल्या. दहा सेकंद ऐकलं. दहा सेकंद हसू दाबलं. दहा सेकंद दाराकडे बघितलं, कुणीतरी यायचं आहे अशा नजरेने.

"अजून काय कमी पडलं होतं तुला?"

मी म्हटलं, "राग, ताई. राग फार कमी होता."

त्यांनी चष्मा सारखा केला, मान उजवीकडे वळवली, आणि दिला.